काळ्या कपड्यांमागची माणसे

काळे कपडे, खांद्यावर रुळणारे केस आणि कानठळ्या बसवणारे संगीत, एवढ्यावरून एखाद्या तरुणाची पारख करण्याचा मोह पुष्कळांना होतो. आम्हीही त्याला अपवाद नव्हतो. जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनोफ्स्की या अमेरिकन दिग्दर्शकद्वयाचे अनुबोधपट पाहिल्यावर मात्र आम्हाला आमचे मत तपासून पाहावे लागले.

‘मेटॅलिका’ या हेवी मेटल बँडशी त्यांचा संबंध जुळला तो एका खटल्यामुळे. १९९३ साली आर्कान्सा राज्यातील वेस्ट मेम्फिस येथे आठ वर्षांच्या तीन बालकांची हत्या झाली. हा सैतानपूजेचा प्रकार असल्याचे मानले गेले. संशयित तीन किशोरांच्या काळ्या कपड्यांचा आणि मेटॅलिकाच्या संगीताच्या आवडीचाही न्यायालयात त्यांच्याविरुद्ध आधार घेण्यात आला. १९९४ मध्ये एकाला देहान्ताची, दोघांना जन्मठेपेची शिक्षा झाली. ‘पॅरडाइज लॉस्ट’ (१९९६) या अनुबोधपटाने त्या निकालाविषयी शंका जागी केली. मेटॅलिकाने त्यासाठी आपले संगीत विनामूल्य दिले. २०११ मध्ये तिघेही सुटले. मात्र आपण निर्दोष असल्याचे सांगत असतानाच त्यांना तडजोड म्हणून गुन्ह्याची औपचारिक कबुली द्यावी लागली.

त्या परिचयातून ‘सम काइंड ऑफ मॉन्स्टर’ (२००४) साकारला. २००१ साली बासवादक जेसन न्यूस्टेड बँड सोडून गेले. पाठोपाठ गायक जेम्स हेटफिल्ड व्यसनमुक्तीच्या उपचारांसाठी निघून गेले. परतल्यावर ते दिवसाला चारच तास काम करतात आणि त्यावरून ढोलवादक लार्स उलरिक यांच्याशी खटके उडतात. १९८३ साली बँडमधून काढलेले गिटारवादक डेव्ह मस्टेन अठरा वर्षांनी उलरिकसमोर आपली जखम उघडी करतात, तो प्रसंग मन हेलावून टाकतो. महिना चाळीस हजार डॉलर घेणाऱ्या सल्लागाराच्या बैठका मात्र लांबल्या आहेत. भाषाही शिवराळ आहे. मुलांना घेऊन पाहण्याजोगा हा चित्रपट नव्हे.

आमचा मुख्य आक्षेप वेगळाच आहे. ‘पॅरडाइज लॉस्ट’च्या दुसऱ्या भागात (२०००) याच दिग्दर्शकांनी एका मृत बालकाच्या सावत्र वडिलांकडे, त्यांच्या विक्षिप्त वागण्याच्या आधारे, संशयाची सुई वळवली. तिसऱ्या भागात (२०११) तेच गृहस्थ त्या तिघांच्या निर्दोषत्वाची ग्वाही देताना दिसतात. ज्या उतावळेपणावर दिग्दर्शकांनी बोट ठेवले, तो त्यांनाही टाळता आला नाही. मेटॅलिकासोबत त्यांनी दोन वर्षांहून अधिक काळ काढला, सुमारे सोळाशे तासांचे चित्रीकरण केले. म्हणून तिथे माणसे पुरती दिसली.

सिनोफ्स्की २०१५ मध्ये निवर्तले. घरात काळा टी-शर्ट घालणारा मुलगा असलेल्या पालकांनी हा चित्रपट आधी स्वतः पाहावा, आणि मग मुलाला त्याच्या आवडीच्या गाण्याविषयी विचारावे, अशी आमची शिफारस आहे.