सोंग आणि माळ

रील म्हणजे काय हे आता माजघरातल्या आजीलाही सांगावे लागत नाही. त्यातला एक प्रकार सध्या फार चालतो. काळा शर्ट, काळा चष्मा घालून मुलगा गुर्मीत चालत येतो. हा 'वाईट' तो. टाळी वाजते आणि तोच पांढऱ्या सदऱ्यात, कपाळी गंध-बुक्का, गळ्यात तुळशीची माळ, हात जोडून उभा. हा 'चांगला' तो.

सोंगाला नाक मुरडणारा मी नव्हे. आपल्या घरातच भारूड आहे. जोशी, वासुदेव, आंधळा, किती सोंगे नाथमहाराजांनी दिली! विंचवाचे भारूड आठवा. सोंगाडी कळवळून जमिनीवर लोळतो, माणसे पोट धरून हसतात. मग उमगते की हा विंचू काम-क्रोधाचा, आणि हसणारा हळूच आपलाच पाय चाचपतो. उतारा सांगितला आहे तोही सत्त्वगुणाचा. तिथे दोषाला नाव आहे, ठणका आहे, औषध आहे.

रीलमधल्या वाईटाला यातले काय आहे? तो कुणाचे पैसे बुडवत नाही, आईला उलटून बोलत नाही, भावाच्या बढतीने जळत नाही. नुसता रुबाबदार दिसतो! खरा दोष घरीच राहिला आणि दागिन्यासारखा घडवलेला तेवढा लोकांपुढे आला. काही मुलांची तर खातीही दोन; एक नातेवाइकांसाठी, एक मित्रांसाठी. जोडनाव नाथांचेही होते, 'एका जनार्दनी'. पण त्यातले दुसरे नाव गुरूचे. ज्याच्यापासून काही लपवायचे नाही, त्यालाच त्यांनी आपल्या नावाशेजारी बसवले.

मला जास्त लागते ते मात्र चांगल्याचे सोंग. चष्मा कुणीही घालावा, काढावा. माळ तशी नाही. ती घालताना एकादशीचा, पंढरीच्या वारीचा, मद्य-मांस सोडल्याचा शब्द दिलेला असतो. पहिल्या टाळीला गळ्यात आली नि दुसरीला उतरली, तर तो शब्द कुणी कुणाला दिला?

मुले म्हणतात, "महाराज, गंमत आहे." असू दे. मग सोंगाड्यासारखी आपलीच फजिती करून दाखवा. मी पहिल्या रांगेत बसून हसेन. माळ तेवढी खुंटीला राहू द्या. वारीच्या वाटेवर असे कुणी भेटले तर त्याच्यावर डोळे वटारू नका. रात्री मुक्कामी भारूड असतेच, त्याला हाताला धरून तिथे आणून बसवा.