न पटणारी नीरा

मी कोरेगावची. ना. ह. आपटे हे कादंबरीकार आमच्याच गावात राहायचे, आणि त्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’वरून व्ही. शांताराम यांनी १९३७ मध्ये ‘प्रभात’साठी ‘कुंकू’ काढला. तुम्ही तो मोबाइलवर बघणार असाल, तर हेडफोन लावा. त्यात पार्श्वसंगीत नाही. घड्याळाचे ठोके, घरातले आवाज आणि शांता आपटेंचा गळा, एवढ्यावर हा सिनेमा उभा आहे.

अनाथ नीराचं लग्न फसवून म्हाताऱ्या विधुराशी लावलं जातं. ती हे लग्न मानायलाच नकार देते. शांताबाईंचं यश असं की हा नकार त्या भाषणातून देत नाहीत. त्यांची ताठ मान, रोखलेली नजर, झटकन वळणं यातूनच तो कळतो. अंगचटीला येणाऱ्या सावत्र मुलाला नीरा छडीने बडवते, तेव्हा ती आपल्या ओळखीची मुलगी वाटते.

मला खटकतो तो शेवट. काकासाहेबांना चूक उमगते आणि ते आत्महत्या करतात. केशवराव दाते ही भूमिका इतक्या माणुसकीने करतात की आपण हळहळतो. पण त्यामुळे नीराची सुटका तिच्या नकाराने होत नाही, नवऱ्याच्या मरणाने होते. सगळा सिनेमा तिच्या बाजूने बोलतो आणि निर्णयाची वेळ आली की तिला बाजूला सारतो.

शांताबाईंनी मात्र स्वतःचा निर्णय दुसऱ्यावर सोडला नाही. १९३९ मध्ये कराराच्या वादातून त्या पुण्यात ‘प्रभात’च्या फाटकाशी उपोषणाला बसल्या. कंपनी सोडली. १९४० मध्ये ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून सिनेमाच्या धंद्याची आतली बाजू मांडली. पुढे १९४१ मध्ये तमिळ ‘सावित्री’त त्या सावित्री झाल्या आणि एम. एस. सुब्बुलक्ष्मी नारद. म्हणजे दार बंद झालं नव्हतं. तरी ‘कुंकू’च्या तोडीची भूमिका पुन्हा त्यांच्या वाट्याला आली, असं मला वाटत नाही. १९६४ मध्ये त्या गेल्या.

आज नीराच्या छडीची क्लिप आपण आवडीने शेअर करू. पण एखादी नटी पैशांबद्दल, कराराबद्दल बोलली की खाली ‘नखरे’ अशी कमेंट येतेच. पडद्यावरची नीरा आपल्याला पटलेली आहे. फाटकाशी बसलेल्या शांताबाई अजून पटायच्या आहेत.