पाताळातला माग

जादूच्या वस्तूंची आमच्या लहानपणी टंचाई नव्हती. उडता गालिचा होता, मागेल ते देणारी थैली होती, कधी न रिकामी होणारी थाळी होती. पण मला मनापासून आवडली ती वस्तू कोणाला काहीच देत नाही. महाभारताच्या आदिपर्वात, उत्तंकाच्या कथेत, नागलोकात एक माग आहे. त्याच्यावर आपल्या बालवाङ्मयात झालेल्या अन्यायाबद्दल चार शब्द लिहावेत असे पुष्कळ दिवस मनात होते.

ही कथा मी आजीकडून ऐकली ती लोणारला. बुलढाणा जिल्ह्यातले हे सरोवर म्हणजे अशनी आदळून काळ्या खडकात पडलेले सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे विवर आहे, हे आज शाळकरी पोरही सांगेल. आजीच्या लेखी मात्र ते लवणासुराचे भुयारी घर होते. विष्णूने त्याला तेथेच मारले, आणि दैत्यसूदनाचे मंदिर गावात साक्षीला उभे होतेच. तेव्हा उत्तंकाने काठीने बीळ उकरले आणि इंद्राने वज्र पाठवून त्याची वाट मोकळी केली, ती वाट आमच्याच गावातून खाली गेली असणार, याविषयी मला शंका नव्हती. शिवाय मागल्या गल्लीत कोष्ट्याचा खड्डामाग होता. विणकर जमिनीतल्या खड्ड्यात पाय सोडून बसे. धोटा वर उजेडात पळे, पावड्या खाली अंधारात हलत. अर्धा माग पाताळातच होता म्हणा ना!

कथा थोडक्यात अशी. गुरुपत्नीला पौष्य राजाच्या राणीची कुंडले हवी असतात. उत्तंक ती मिळवतो, पण वाटेत तक्षक ती पळवून नागलोकात शिरतो. उत्तंक मागोमाग जातो, नागांची स्तुती करतो. कुंडले काही मिळत नाहीत. आणि तेथे अचानक त्याला दिसतात मागावर वस्त्र विणणाऱ्या दोन स्त्रिया. सूत काळे आणि पांढरे. जवळच सहा कुमार एक चाक फिरवीत आहेत. एक देखणा पुरुष आहे, एक घोडा आहे. पुढे त्या पुरुषाच्या सांगण्यावरून उत्तंक घोड्याच्या मागच्या बाजूने फुंकर घालतो, नागलोक धुराने भरतो आणि तक्षक मुकाट्याने कुंडले आणून देतो.

गेल्या दिवाळीत एका पुस्तकातून ही कथा मी नातीला वाचून दाखवली. कुंडले होती, धूर होता, घोडा तर रंगीत चित्रासह होता. माग मात्र गाळलेला! संपादकाला वाटले असावे, मागामुळे कथा पुढे सरकत नाही. हे खरेच आहे. तो माग काढून टाकला तरी कुंडले परत मिळतातच. पण विष्णु सीताराम सुकथनकरांनी आदिपर्वाची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली (ती १९३३ साली पूर्ण झाली), तिच्यातही तो जागच्या जागी आहे. म्हणजे कोणा उपटसुंभाने मागाहून घुसडलेली ही गंमत नव्हे.

पुस्तकाची चूक सुधारावी म्हणून मी नातीला माग सांगितला, आणि स्वतः त्याहून मोठी चूक केली. लगेच म्हणालो, “काळे सूत म्हणजे रात्र, पांढरे म्हणजे दिवस.” ती “हं” म्हणाली आणि भुईनळे मोजायला निघून गेली. व्यासांनी असा उतावळेपणा केलेला नाही. उत्तंक तेथे फक्त पाहतो आणि स्तुती करतो. त्या स्तुतीत ३६० आणि २४ असे आकडे येतात, वर्षाच्या दिवसांचे आणि पक्षांचे; पण कोडे सुटत नाही. त्याला दिलेल्या मुदतीचा तो अखेरचा दिवस; गुरुपत्नी न्हाऊन केस विंचरीत बसली आहे, आणि हा आला नाही म्हणून शाप द्यावा की काय असे तिच्या मनात घोळते आहे. त्या घोड्यावरून तो वेळेवर पोचतो, कुंडले देतो, आणि मग गुरूंना विचारतो, “मी पाहिले ते काय होते?” स्त्रिया धाता आणि विधाता, सूत म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे संवत्सर, कुमार म्हणजे ऋतू, हे तेव्हा कळते. आधी नवल, मग प्रवास, मग अर्थ. आजीही अर्थ दुसऱ्या दिवशी सांगायची. मला वाटे, तिला झोप येते म्हणून!

पंचतंत्रातही एक विणकर आहे, मंथरक. त्याचा माग मोडतो. नव्यासाठी झाड तोडायला गेला असता झाडातला यक्ष वर देऊ करतो. बायकोच्या सल्ल्याने हा आणखी दोन हात आणि एक डोके मागतो, म्हणजे मागे-पुढे दोन्हीकडे विणता येईल. लोक त्याला राक्षस समजून ठार मारतात. गोष्ट फक्कड आहे, आणि बायको मूर्ख हे मला कधीच पटलेले नाही. तिने संसाराचा हिशेब केला होता. पण तेथे जादू कामाला जुंपलेली आहे. फळ मिळाले की गोष्ट संपते.

उत्तंकाची संपत नाही, आणि माग गाळणाऱ्यांवरचा माझा खरा राग येथे आहे. सगळी भुवने आणि सगळी भूते त्या वस्त्रात विणली जात आहेत, असे उत्तंक स्वतःच्या तोंडाने म्हणतो. सगळी भूते, म्हणजे त्यांत नागही आले. गुरूंकडून त्याला अर्थही कळतो. आणि निरोप घेऊन तो जातो कोठे? तडक हस्तिनापुरास, तक्षकावरचा राग मनात धरून, जनमेजयाला सर्पसत्रासाठी चेतवायला. पुढे त्या यज्ञात असंख्य नाग जळतात. आस्तिक येऊन थांबवीपर्यंत जळत राहतात. माग काढून टाका, म्हणजे उत्तंक हा दागिन्यापायी चिडलेला एक विद्यार्थी उरतो. माग ठेवा, म्हणजे ते वस्त्र डोळ्यांनी पाहिलेला माणूस आग लावायला निघालेला दिसतो. व्यास यावर एक अक्षर बोलत नाहीत.

यंदा नातीला पुन्हा सांगणार आहे. काळे सूत, पांढरे सूत, सहा मुले, घोडा. आणि तेथे थांबून दिवा मालवणार. तिने विचारलेच, तर उद्या.