ल्यूटनचे भयपट आणि भयाचे आलंबन

राक्षस दाखवावयास पैसा नव्हता म्हणून सावली दाखविली, आणि दारिद्र्याच्या पोटी कला जन्मास आली, हे अल्पखर्ची भयपटांविषयीचे मत जवळजवळ सिद्धान्ताप्रमाणे रूढ झाले आहे. निर्माता व्हॅल ल्यूटन याने 1942 ते 1946 या काळात हॉलिवुडच्या आर. के. ओ. स्टुडिओसाठी काढलेल्या नऊ भयपटांविषयी ते हटकून मांडले जाते. स्टुडिओच्या अटी कडक होत्या हे खरे: दीड लाख डॉलरांची खर्चमर्यादा, पंचाहत्तर मिनिटांच्या आत आटोपशीर लांबी, आणि शीर्षक स्टुडिओनेच ठरवावयाचे. परंतु तशाच तुटपुंज्या भांडवलावर मोनोग्राम कंपनीने 1943 मध्ये ‘द एप मॅन’ काढला आणि बेला लुगोसीच्या चेहऱ्यावर केस चिकटवून त्याला खुशाल उजेडात उभे केले. दारिद्र्य दोहींकडे होते. सावली एकीकडेच आली.

झाक तूर्नरने दिग्दर्शित केलेल्या ‘कॅट पीपल’ची (1942) नायिका इरेना मूळची सर्बियाची. कामवासना वा मत्सर जागा झाल्यास आपण काळा बिबट्या होऊ, या धास्तीने ती पतीलाही दूर ठेवते. रसचर्चेच्या परिभाषेत बोलावयाचे तर येथे भयाचा आश्रय आणि आलंबन एकाच व्यक्तीत एकवटले आहेत. पोहण्याच्या तलावाच्या प्रसंगात भिंतीवर हलणारे पाण्याचे कवडसे, एक सावली आणि गुरगुर एवढेच आहे. मागाहून ॲलिसचा झगा फाटलेला सापडतो. रूपान्तर नाकारलेले नाही, पण ते इरेनेच्या मत्सरापासून सुटेही झालेले नाही. याउलट स्टुडिओच्या आग्रहामुळे कचेरीच्या प्रसंगात बिबट्या प्रत्यक्ष वावरताना दिसतो, आणि आलंबन तत्क्षणी मनाबाहेर पडते. उरते ते पिंजऱ्यातून सुटलेले एक जनावर. ही केवळ अभिरुचीची चूक नव्हे. चित्रपटाचा आशयच तेथे क्षणभर बदलतो.

म्हणजे खरा जाच पैशाचा नव्हता, मागणीचा होता. ‘द कर्स ऑफ द कॅट पीपल’ (1944) हे नावही असेच वरून आलेले. ल्यूटनने त्याखाली एका एकाकी सहा वर्षांच्या मुलीची कथा ठेवली, आणि स्टुडिओला हवी असलेली इरेना तिची कल्पनेतील मैत्रीण म्हणून आणली. शेवटी मात्र भयपटाचे देणे चुकवावे लागते: आईने नाकारलेली बार्बरा त्या मुलीचा गळा दाबावयास पुढे येते. मुलीला तिच्या जागी इरेना दिसते. ती तिला मिठी मारते, आणि बार्बराचे हात सैल पडतात.