सोसणं आणि लिहिणं

गावाकडं दहातला एक माणूस तरी म्हणतो, "माझ्या आयुष्यावर कादंबरी होईल." होईल की! पण सोसणं येगळं आणि लिहिणं येगळं. शेतात ऊस उभा आहे म्हणून घरात गूळ आला, असं होत नाही. तो गाळावा लागतो, आटवावा लागतो, वर आलेली मळी काढून टाकावी लागते.

आनंद यादवांची 'झोंबी' मी याच कारणानं मानतो. 1987 साली ती आली, 1990 साली तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. कागलच्या पोराची शाळा सोडवून बाप त्याला मळ्यात जुंपतो. कच्चा लेखक असता तर बापाला शिव्या घालून मोकळा झाला असता. यादव बापाचा हिशेबही मांडतात. दादा सगळ्यांच्या आधी गुऱ्हाळ लावतो. का, तर सगळ्यांची गुऱ्हाळं पेटली की बाजारात गूळ मायंदाळ होतो आणि भाव पडतो. ऊस उभा ठेवला तर गूळ जादा उतरतो, हे बाकीच्यांचं म्हणणं. दादाला आधीचा भाव पाहिजे. शेतकऱ्याला दोन्ही बाजू कळतात. त्यामुळं दादा नुसता राक्षस राहत नाही, माणूस होतो. आणि पोराचं दुःख त्यामुळं हलकं न होता जास्तच खरं वाटतं.

तेच पोर म्हशीच्या पाठीवर काडीनं कवितेच्या ओळी लिहितं. 'मला शिकायची केवढी ओढ होती' हे पानभर सांगून जे साधलं नसतं, ते त्या एका काडीनं साधलं.

दया पवारांनी 'बलुतं'मध्ये (1978) निराळी वाट धरली. तिथं दगडू मारुती पवार आपली कहाणी दया पवारालाच सांगतो. माणूस एकच, पण भोगणारा एका बाजूला आणि ऐकणारा दुसऱ्या बाजूला. बांधावर उभं राहून आपलंच रान बघावं, तसं हे आहे. तेवढं अंतर नसेल तर लिहिणं म्हणजे नुसतं रडगाणं होतं.

आता गावोगावची पोरं आत्मकथनं लिहायला लागलीत, हे चांगलंच आहे. पण ज्यांच्यावर आपण लिहितो, ते आईबाप, भाऊबंद बहुतेक वेळा ते वाचणार नसतात, उत्तर तर देणारच नसतात. म्हणून त्यांची बाजू मांडायची जबाबदारीही लेखणी धरणाऱ्याचीच. आपली जखम दाखवायला धाडस लागतं, मान्य. पण ज्यानं जखम केली त्याच्या पायातला काटाही दिसला, तरच ती कला.