‘फ्राँटियर’मधील यथार्थतेचे स्वरूप

डेव्हिड ब्रेबेन यांचा ‘फ्राँटियर : एलीट २’ हा संगणक-खेळ १९९३ साली प्रसिद्ध झाला. अवकाशप्रवासाचे यथार्थ चित्रण हा त्याचा प्रमुख विशेष मानला जातो, आणि ते योग्यच आहे. तथापि ‘यथार्थ’ या शब्दाच्या पोटी दोन भिन्न अर्थ दडलेले आहेत. भौतिकशास्त्राचा नियम अचूक पाळणे हा एक. तो नियम खेळणाऱ्याच्या प्रत्यक्ष अनुभवाचा विषय होणे हा दुसरा. पहिला साधला म्हणजे दुसरा आपोआप साधतो, असे नाही. ‘फ्राँटियर’चे यश आणि त्याची मर्यादा या दोहोंचा उलगडा या भेदातूनच होतो.

या खेळाचा पूर्वज ‘एलीट’ हा होय. ब्रेबेन आणि इयन बेल यांनी तो ‘बीबीसी मायक्रो’ या संगणकासाठी रचला व १९८४ साली तो प्रसिद्ध झाला. त्या यंत्राची स्मृती अवघी ३२ किलोबाइट. म्हणून ग्रहांची माहिती साठवून न ठेवता ती काही बीजसंख्यांवरून गणिताने निर्माण करण्याची युक्ती त्यांनी योजिली, आणि प्रत्येकी २५६ ग्रहांच्या ८ दीर्घिका त्या तुटपुंज्या जागेत बसविल्या. परंतु येथील यान अवकाशयानासारखे वागत नाही. त्याचे तोंड जिकडे वळेल तिकडे ते तत्काळ जाऊ लागते, आणि त्याच्या वेगास कमाल मर्यादा आहे. न्यूटनच्या पहिल्या नियमास येथे सरळ रजा दिलेली आहे. असे असूनही स्वतःभोवती फिरणाऱ्या स्थानकाच्या अरुंद दारातून यान आत नेताना, स्थानकाच्या फिरण्याशी यानाचे फिरणे जुळवावे लागते. तो क्षण खेळणाऱ्याची कसोटी पाहतो. नियम मोडलेला आहे. पण उड्डाण हाताला जाणवते.

‘फ्राँटियर’ने ही उणीव भरून काढली. तेथे ग्रह ताऱ्यांभोवती खऱ्या अंतरांवरून फिरतात. अवकाशातून वातावरणात आणि वातावरणातून बंदराच्या भूमीवर यान कोठेही खंड न पडता उतरविता येते. इंजिन बंद केले तरी यान पूर्वीच्याच वेगाने पुढे जात राहते. थांबावयाचे तर उलट दिशेने तितकाच रेटा द्यावा लागतो. एवढा सारा पसारा एका फ्लॉपीत मावला, ही रचनाकौशल्याची असामान्य साक्ष होय.

परंतु नियम मान्य केला की त्याचे परिणामही स्वीकारावे लागतात. पृथ्वीवरील गुरुत्वत्वरणाइतक्या त्वरणाने १५ कोटी किलोमीटर अंतर कापावयाचे, आणि निम्म्या वाटेवर यान उलटे फिरवून वेग कमी करीत न्यावयाचा, असे मानले तर प्रवासास सुमारे ६८ तास लागतात. अधिक बलवान इंजिन घेतले तरी हा काळ खेळात सोसण्याजोगा होत नाही. म्हणून कर्त्याला काळ भराभर पुढे ढकलण्याची सोय आणि ऑटोपायलट या दोन गोष्टींचा आश्रय घ्यावा लागला. परिणामी वेग केव्हा वाढवावा आणि केव्हा आवरावा, हा प्रवासातील खरा निर्णय बहुधा यंत्रच घेते आणि खेळणारा प्रेक्षक होतो. युद्धप्रसंगी याच्या उलट घडते. दोन याने प्रचंड सापेक्ष वेगाने एकमेकांजवळून निघून जातात, नेम धरण्यास निमिषमात्र मिळते, आणि पुन्हा दूरवर जाऊन परतावे लागते. सारांश, नियम एकदा अदृश्य होतो आणि एकदा अडथळा म्हणून समोर येतो.

याहून पुष्कळ जुन्या एका खेळाशी तुलना केल्यास हा मुद्दा अधिक स्पष्ट होईल. अपोलो ११ चंद्रावर उतरल्यानंतर, १९६९ सालीच, जिम स्टोरर या अमेरिकन शालेय विद्यार्थ्याने ‘पीडीपी-८’ संगणकासाठी चंद्रावर उतरण्याचा एक खेळ लिहिला. त्यात चित्र नाही. कागदावर छापले जाणारे आकडे तेवढे आहेत. उंची १२० मैल, वेग ताशी ३,६०० मैल, इंधन १६,००० पौंड. दर १० सेकंदांनी खेळणाऱ्याने किती इंधन जाळावयाचे ते ठरवावयाचे. इंधन जळते तसे यान हलके होते आणि त्याच इंधनाचा परिणाम वाढत जातो. आरंभीच उधळेपणा केला तर शेवटी इंधन उरत नाही. फार काटकसर केली तर वेग आवरत नाही. येथे गुरुत्वाकर्षण हेच प्रतिपक्ष आणि नियम हेच नाट्य आहे.

यावर असे म्हणता येईल की, अवकाशाची अफाट पोकळी जाणवून देणे हेच ‘फ्राँटियर’चे प्रयोजन आहे, आणि ते काळ पुढे ढकलूनही साधते. हा आक्षेप विचारार्ह आहे. सूर्य मागे टाकल्यावर तो इतर ताऱ्यांसारखाच एक बिंदू होतो, आणि कडेचा एखादा ग्रह दीर्घ काळ ठिपकाच राहून अखेरीस सारे क्षितिज व्यापतो, हा अनुभव ‘एलीट’मध्ये नाही. ऑटोपायलट दूर सारून जो स्वतः यान नेतो आणि वेळेवर न आवरल्यामुळे ग्रहाच्या पलीकडे निघून जातो, त्याला जडत्वाचा अर्थ कोणत्याही पाठ्यपुस्तकापेक्षा अधिक उमगतो.

परंतु हे खेळाच्या रचनेने घडवून आणलेले नाही. खेळणाऱ्याने सोय नाकारून ते मिळविलेले आहे. क्षेमेंद्राने काव्याचे जीवित औचित्यात पाहिले. त्या दृष्टीने पाहता, नियम खरा असणे एवढ्याने त्याचे औचित्य सिद्ध होत नाही; कृतीतील निर्णय त्यावर अवलंबून असावा लागतो. ‘फ्राँटियर’ विश्वाच्या विस्ताराचे चित्रण म्हणून थोर कृती आहे. उड्डाणाचा खेळ म्हणून मात्र ती तिच्या खोटेपणाने वागणाऱ्या पूर्वजाच्या मागे राहते.