सशाची जात कोणती?

विज्ञान शिकवणाऱ्याने वर्गात बोलणारा ससा आणावा का? या प्रश्नाला साधारणपणे दोन उत्तरे मिळतात. पहिले असे की प्राणी बोलत नाहीत, योजना आखत नाहीत, लढाया करत नाहीत. अशा गोष्टींनी मुलांच्या डोक्यात चुकीच्या कल्पना बसतात. दुसरे असे की गोष्ट ती गोष्ट, तिला विज्ञानाची फूटपट्टी कशाला लावायची? दोन्ही उत्तरांची अडचण एकच आहे. ती देण्यासाठी पुस्तक वाचावे लागत नाही.

आम्हाला वाटते की प्राणी नायक असलेल्या साहसकथांकडे विज्ञानशिक्षकाने मुद्दाम पाहावे, पण प्रश्न बदलून पाहावे. 'हे खरे आहे का?' असे न विचारता 'प्राण्याच्या शरीराचा या गोष्टीशी काही संबंध आहे का?' असे विचारावे. नायकाला सशाऐवजी माणूस केले तर गोष्टीत काय बदलेल? काहीच बदलणार नसेल, तर ससा हा नुसता मुखवटा आहे. पंचतंत्रात तो मुखवटाच असतो आणि तिथे ते ठीकही आहे. कोल्हा म्हणजे धूर्तपणा आणि सिंह म्हणजे सत्ता, हा लेखक आणि वाचक यांच्यातला जुना करार आहे. नीतिकथा चार पानांत संपते आणि कोल्ह्याबद्दल काही सांगितल्याचा दावा करत नाही. साहसकथा मात्र चारशे पानांचे जग उभे करते. मूल त्या जगात महिनाभर राहते. तिथले नियम काय आहेत, हे तपासायला हवे.

त्यासाठी आम्ही इंग्लंडमधली दोन गाजलेली पुस्तके घेत आहोत. एक रिचर्ड अ‍ॅडम्स यांचे 'वॉटरशिप डाउन' (1972) आणि दुसरे ब्रायन जॅक्स यांचे 'रेडवॉल' (1986).

बिळातून दिसणारे जग

अ‍ॅडम्स सरकारी नोकरीत होते. मोटारीच्या लांब प्रवासात आपल्या दोन मुलींना सांगितलेली गोष्ट त्यांनी पुढे लिहून काढली. सशांच्या एका वसाहतीच्या जागेवर माणसे घरे बांधणार असतात. फायव्हर नावाच्या अशक्त सशाला संकटाची चाहूल लागते आणि त्याचा भाऊ हेझल काही सोबत्यांना घेऊन नव्या जागेच्या शोधात निघतो. सशाला भविष्य दिसते हे उघडच कल्पित आहे. पण त्या भागातली एक गोष्ट पाहण्यासारखी आहे. जमिनीवर घरबांधणीची पाटी लावलेली असते. ती वाचकाला वाचता येते, सशांना येत नाही. त्यांना दिसतो तो फक्त एक खांब आणि वास. आपल्याला कळते ते नायकाला कळत नाही, हे लेखक विसरत नाही.

हे भान पुस्तकभर टिकते. इथले ससे चारपर्यंतच मोजू शकतात; त्यापुढचे सगळे 'पुष्कळ'. एका दुबळ्या सोबत्याला नदीपार न्यायची वेळ येते तेव्हा ब्लॅकबेरी नावाच्या सशाला सुचते की फळी तरंगते, तर तिच्यावर त्याला बसवू. बाकीच्यांना ही युक्ती समजतच नाही. ती यशस्वी झाल्यावरही हेझलला ती नीट उमगत नाही. माणसाच्या गोष्टीत असा प्रसंग अर्ध्या ओळीत संपला असता. इथे सशाच्या बुद्धीची मर्यादाच प्रसंगाला ताण देते.

या तपशिलांमागे अभ्यास आहे. वेल्समधले निसर्ग-अभ्यासक रोनाल्ड लॉकली यांचे रानटी सशांच्या जीवनावरचे पुस्तक 1964 मध्ये प्रसिद्ध झाले होते. अ‍ॅडम्सनी त्याचा आधार घेतला आणि तसे मोकळेपणाने सांगितलेही. धोका दिसला की मागचा पाय जमिनीवर आपटून इशारा देणे हे खऱ्या सशांचे वर्तन आहे. कथेतले ससे ज्याला 'पांढरे आंधळेपण' म्हणतात, तो मिक्सोमॅटोसिस हा विषाणुजन्य रोग आहे. 1953 मध्ये तो ब्रिटनमध्ये पोचला आणि तिथल्या सशांची संख्या कोसळली. सर्वांत धक्कादायक तपशील तर कल्पित वाटावा असा आहे. जनरल वाउंडवर्ट या हुकूमशहाच्या कोंदट वसाहतीत गर्दी इतकी होते की माद्यांच्या पोटातली पिल्ले जन्माला येण्याआधीच त्यांच्या शरीरात शोषली जातात. हे खऱ्या सशांत घडते. भ्रूणांची वाढ थांबते आणि त्यांचे घटक मादीच्या शरीरात परत शोषले जातात. स्वातंत्र्य म्हणजे काय हे सांगण्यासाठी लेखकाने भाषण लिहिले नाही. मादीच्या शरीरात काय होते ते सांगितले.

इथे मराठी वाचकाला एक अडखळा येतो आणि तो फार उपयोगाचा आहे. आपल्याकडे माळावर, शेताच्या बांधावर दिसणारा ससा बीळ करतच नाही. तो गवतात उथळ खळगा करून बसतो. त्याची पिल्ले अंगावर केस आणि उघडे डोळे घेऊनच जन्मतात. बिळात राहणाऱ्या युरोपीय सशाची पिल्ले मात्र उघडी आणि आंधळी जन्मतात. इंग्रजीत या दोघांना दोन वेगळे शब्द आहेत. मराठीत दोघेही 'ससा'. ही दोन वेगळ्या प्रजातींची जनावरे आहेत. बीळ असेल तर पिल्ले असहाय असली तरी चालते; उघड्यावर जन्मणाऱ्याला लवकर पळता आले पाहिजे. मुलांना पुस्तकातला ससा आणि बांधावरचा ससा शेजारी ठेवायला सांगितले, की हा धडा आपोआप होतो.

याचा अर्थ पुस्तक निर्दोष आहे असा नाही. वसाहत सोडून जाणाऱ्यांत नरांचा भरणा असणे हे निसर्गाला धरून आहे, कारण तरुण नरच जास्त करून दूर जातात. पण नंतर नव्या वसाहतीत 'माद्या हव्यात' म्हणून जी मोहीम निघते, तिच्यात बहुतेक माद्यांना स्वतःची ओळखच नाही. प्रत्यक्षात पिल्लांसाठी बीळ खणण्याचे बरेचसे काम मादी करते. लेखकाला हे ठाऊक आहे. खणणे हे नरांचे काम नव्हे असे त्याचे ससे स्वतःच म्हणतात. तरीही निर्णय, शौर्य आणि विनोद सगळे नरांच्या वाट्याला गेले आहे. जिथे सशाचे शरीर आणि लेखकाच्या समाजाची सवय यांत ओढाताण झाली, तिथे सवय जिंकली.

चांगले उंदीर, वाईट उंदीर

'रेडवॉल'चा जन्म फार सुंदर कारणातून झाला. जॅक्स लिव्हरपूलमध्ये दूध पोचवण्याचे काम करत होते. तिथल्या अंध मुलांच्या शाळेत ते मुलांना वाचून दाखवत आणि त्यांच्यासाठीच त्यांनी ही गोष्ट लिहिली. म्हणून तिच्यात वास, चवी, आवाज यांची रेलचेल आहे. मेजवान्यांची वर्णने वाचून तोंडाला पाणी सुटते. एका मठात राहणारा मथायस नावाचा छोटा उंदीर क्लूनी नावाच्या क्रूर मोठ्या उंदराच्या फौजेशी लढतो, ही कथा मुलांना धरून ठेवते. मालिकेत पुढे एकूण बावीस कादंबऱ्या झाल्या. शेवटची 2011 मध्ये, लेखकाच्या निधनानंतर आली.

आमची कसोटी लावली तर मात्र इथे प्राण्याच्या शरीराचे फारसे काही उरत नाही. बॅजर आणि हेजहॉग एका टेबलावर जेवतात. ब्रिटनमध्ये हेजहॉगचा मुख्य शिकारी बॅजरच आहे. वीसेक ग्रॅमचा उंदीर आणि दहा किलोचा बॅजर एकाच दारातून ये-जा करतात. एवढ्यावर आम्ही पुस्तकाला दोष देणार नाही. मुखवट्यांची कथा म्हणून ते मान्य करता येते.

खरा आक्षेप वेगळा आहे. या जगात उंदीर, मोल, पाणमांजर, बॅजर जन्मतःच चांगले आणि मोठे उंदीर, वीझल, स्टोट, फेरेट जन्मतःच दुष्ट असतात. मराठीत भाषांतर करायला बसलो तर गंमत होते: नायकही उंदीर, खलनायकही उंदीर. दुष्टपणाची सगळी भिंत ज्या फरकावर उभी आहे, तो आपल्या रोजच्या भाषेत आकारापुरताच आहे.

लेखकाने हा प्रश्न टाळला असे नाही. 'आउटकास्ट ऑफ रेडवॉल' (1995) मध्ये मठातली एक मायाळू उंदरीण फेरेटच्या पिल्लाला वाढवते. ते मोठे होऊन वाईटच निघते. शेवटी ते तिचा जीव वाचवताना मरते; तरीही तो वाईटच होता, असा निष्कर्ष ती काढते. 'टॅगरंग' (2001) मध्ये उलटे घडते. पाणमांजराचे पिल्लू लुटारूंच्या टोळीत वाढते आणि तरी चांगलेच राहते. दोन प्रयोग, दोन्हींचा निष्कर्ष एक: संगोपनाने काही होत नाही, रक्तात असेल तेच बाहेर येते.

मराठी वर्गात हे वाचताना आपण थबकायला हवे. आपल्या भाषेत प्राण्यांची 'जात' असते आणि माणसांचीही. 'शेवटी जातीवर गेला' हा वाक्प्रचार आपण कोणाबद्दल वापरतो, हे मुलांना चांगले माहीत असते. जीवशास्त्रात प्रजाती म्हणजे ज्यांचे आपसात प्रजनन होऊन सुपीक संतती होते असा गट, अशी सोपी व्याख्या आपण शिकवतो. त्या व्याख्येनुसार सगळी माणसे एकाच प्रजातीची आहेत. पण गोष्ट मात्र मुलाला शिकवते की जात पाहिली की स्वभाव कळतो. प्राण्यांच्या बाबतीतही हे खरे नाही. स्टोट सशाला मारतो ते पोटासाठी. त्याला दुष्टपणा म्हणता येत नाही. आणि उंदरांचे म्हणाल, तर 2011 मध्ये 'सायन्स' नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या शिकागोच्या प्रयोगात उंदरांनी नळीत अडकलेल्या सोबत्याला दार उघडून सोडवले होते.

'वॉटरशिप डाउन' इथेच वेगळे ठरते. तिथे कोल्हा, स्टोट शत्रू आहेत, पण दुष्ट नाहीत. सर्वांत मोठा खलनायक वाउंडवर्ट हा ससाच आहे. माणसे वसाहत नष्ट करतात, पण जखमी हेझलला मांजरापासून वाचवणारी लूसीही माणसाचीच मुलगी. आणि युद्धानंतर दोन्ही वसाहतींचे ससे मिळून नवी वसाहत वसवतात.

गोष्टीबाहेरची किंमत

प्राण्यावर शिक्का बसला की त्याची किंमत प्राण्याला मोजावी लागते. किपलिंगच्या 'दुसऱ्या जंगल बुक'मध्ये (1895) दख्खनमधून येणाऱ्या रानकुत्र्यांची टोळी हे महासंकट आहे. रानकुत्र्याला क्रूर ठरवण्यात किपलिंग एकटा नव्हता. त्या काळच्या शिकाऱ्यांचे मत तेच होते. या प्राण्याला मारल्याबद्दल आपल्या देशात बक्षिसे दिली जात. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने ते थांबले. आज हा प्राणी धोक्यात आलेल्या प्रजातींच्या यादीत आहे. किपलिंगची ही कथा ज्या सिवनी भागात घडते, तो नागपूरपासून फार दूर नाही. तिथल्या पेंचच्या जंगलात रानकुत्रे आजही आहेत.

वर्गासाठी

अशी पुस्तके वर्गाबाहेर ठेवावीत असे आम्हाला मुळीच वाटत नाही, 'रेडवॉल'सुद्धा नाही. फक्त वाचून झाल्यावर तीन प्रश्न विचारावेत. नायकाच्या जागी दुसरा प्राणी ठेवला तर गोष्टीतले काय मोडेल? खलनायक कोणत्या प्राण्याचा आहे, आणि त्याच प्राण्याचे एखादे चांगले पात्र गोष्टीत आहे का? खलनायकाने स्वतःची बाजू सांगायची ठरवली तर तो काय सांगेल?

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर लिहायला मुलांना पूर्ण तास द्यावा. फेरेटची बाजू लिहायची तर फेरेट काय खातो, कुठे राहतो, पिल्ले कशी वाढवतो हे शोधावे लागते. म्हणजे विज्ञान आले. आणि ज्याला सगळ्यांनी वाईट ठरवले आहे त्याच्या बिळात काही वेळ बसून जग पाहावे लागते. आपल्या शाळांतल्या मुलांना या दुसऱ्या सवयीची गरज पहिलीइतकीच आहे.